आदितवारचा निकाल: एक शेत, दोन कागद आणि चार कालगणनांची एक वही

कणकुंबीहून निघालेली मलप्रभा डोंगर सोडून मोकळ्या रानात उतरते, त्या बाजूचं खानापूर तालुक्यातलं एक गाव. अर्धी घरं मराठी, अर्धी कन्नड, देऊळ एकच. देवाच्या नावाने एक इनाम शेत आहे आणि त्याच्या वहिवाटीवरून पाटील आणि गौडा या दोन घराण्यांत जुना वाद आहे. गाव, घराणी, त्यांचे कागद आणि पुढे येणारी बैठक मी या अभ्यासासाठी रचली आहे. कागदांवरच्या तारखांचं गणित आणि भोवतालचा इतिहास मात्र खरा आहे. जंत्री हाताशी असेल त्याने पडताळून पाहावा.

हे प्रकरण रचावंसं वाटलं, कारण आपल्या भागात एकाच काळाबद्दल बोलायच्या इतक्या रीती एकाच वेशीत नांदल्या, की त्यांचा मेळ घालणं ही इथली रोजची गरज होती. दिल्ली-मुंबईत कालगणनेच्या सुधारणेवर समित्या बसल्या, ग्रंथ लिहिले गेले. गावच्या कुळकर्ण्याला मात्र हे काम सारावसुलीच्या आत, दोन्ही बाजूंच्या शिव्या खात उरकावं लागे. त्याने ते कसं केलं असेल, हे मला नीट मांडून बघायचं होतं.

काळ १८५४ चा उन्हाळा. दोन वर्षांपूर्वी, म्हणजे १८५२ मध्ये, कंपनी सरकारच्या अकराव्या कायद्याने मुंबई इलाख्यातल्या इनाम कमिशनचं काम पक्कं झालं होतं. दक्षिण मराठा मुलुखातल्या इनामदारांच्या पोटात त्या नावाने गोळा येई. जमीन कुणी, कधी, कशासाठी दिली, याचा कागद दाखवा, नाहीतर सारा भरा, असा सगळा मामला. आमच्या गावालाही देवाच्या शेताचे कागद घेऊन हजर व्हायचं होतं. कचेरीतल्या कारकुनाला प्रत्येक कागदाशेजारी इंग्रजी तारीख लिहून हवी होती. आणि दोन्ही घराण्यांना हवं होतं, की आपला कागद मागून झालेला ठरावा, कारण आधीचा हुकूम नंतरच्याने रद्द होतो, ही दोघांचीही पक्की समजूत.

पाटलांचा कागद

पाटलांकडचा कागद मोडीत आहे. मजकूर थोडका: आदितवारी देवाच्या कट्ट्यावर पांढरी (गावसभा) बसली, आणि ठरलं की देवाचं शेत पाळीप्रमाणे मृगापासून पाटलांनी करावं, नंदादीप आणि नैवेद्य चालवावा. शेवटी तारीख: ‘छ ८ रबिलावल, सु॥ सलास सबैन मया व अलफ’.

मोडी वाचणाऱ्यांना ही ओळ नवी नाही. ‘सु॥’ म्हणजे सुहूर सन. आकडे अरबी शब्दांत आणि एककापासून वर चढत लिहायचे: सलास तीन, सबैन सत्तर, मया शंभर, अलफ हजार. मिळून ११७३. ‘छ’ म्हणजे चंद्र, म्हणजे हिजरी महिन्याची तारीख. छत्रपतींच्या आणि पेशव्यांच्या दफ्तरांतले असंख्य कागद याच रीतीने लिहिलेले आहेत. हिंदू कारकून, हिंदू दरबार आणि तारीख अरबी आकड्यांत. त्यात कुणाला काही विपरीत वाटत नव्हतं, हे आज मुद्दाम सांगायला हवं.

सुहूर सनाचा उगम दख्खनेत १३४४ च्या सुमाराचा, मुहम्मद बिन तुघलकाच्या अमदानीतला मानतात. तेव्हा चालू असलेलं हिजरी ७४५ हे वर्ष घेतलं आणि तिथून पुढे वर्ष चंद्राचं न ठेवता सूर्याचं केलं. कारण सरळ होतं. हिजरी वर्ष ३५४ दिवसांचं. ते दरसाल सुमारे अकरा दिवस मागे सरकतं आणि बत्तीस-तेहतीस वर्षांत सगळ्या ऋतूंतून फिरून येतं. सारा मात्र पीक निघाल्यावरच मिळतो. म्हणून वर्षाचा आरंभ सूर्य मृग नक्षत्रात जातो त्या दिवसाला बांधला आणि लोक त्याला मृगसाल म्हणू लागले. सुहूर सनात ५९९ मिळवले की मृगापासून डिसेंबरपर्यंतचं इसवी वर्ष मिळतं, जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंत ६०० मिळवायचे. म्हणजे ११७३ हे १७७२-७३.

गोष्ट इथेच संपायला हवी होती. पण महिना आणि दिवस हिजरीचेच राहिले. सूर्याच्या वर्षात चंद्राचे महिने बसवले, आणि हा वाद त्याच फटीतून निघाला.

गौडांचा कागद

गौडांकडचा कागद कन्नडमध्ये, कित्तूरच्या देसाईंच्या मुद्रेचा. देवाच्या शेतातलं उभं पीक गौडांनी काढावं आणि शिवरात्रीचा खर्च करावा, असं त्यात आहे. मिती: नंदन संवत्सर, माघ बहुळ चतुर्दशी. शकाचा आकडा जिथे होता, तिथे कसरीने कागद खाल्लेला.

उरलं संवत्सराचं नाव. नावं साठ, प्रभवापासून क्षयापर्यंत, आणि साठ संपली की पुन्हा पहिल्यापासून. नर्मदेच्या दक्षिणेला ही नावं शकाशी कायमची बांधलेली आहेत, त्यामुळे हिशोब सोपा: शकात बारा मिळवा, साठने भागा, बाकी उरेल तो संवत्सराचा क्रमांक. शके १६९४ मध्ये बारा मिळवले की १७०६, साठने भागून बाकी २६, आणि सव्विसावं संवत्सर नंदन. त्याचा माघ बहुळ येतो इसवी १७७३ च्या फेब्रुवारीत. पण शके १६३४ चं संवत्सरही नंदन आणि १७५४ चंही. म्हणजे कागद १७१३, १७७३ किंवा १८३३ यांपैकी कुठल्याही फेब्रुवारीतला असू शकतो.

गौडांना अर्थातच १८३३ आवडलं असतं. पण मुद्रा कित्तूरच्या देसाईंची, आणि ते संस्थान १८२४ च्या लढाईबरोबर बुडालं. राणी चन्नम्मांनंतर त्या मुद्रेने हुकूम निघणं शक्य नाही. १७१३ ही टिकत नाही, कारण कागद ज्याच्या नावे आहे तो १८५४ च्या गौडांचा पणजा, आणि १७१३ मध्ये तो जन्मलाही नव्हता. राहिला फेब्रुवारी १७७३. दोन बाहेरच्या गोष्टी, एक राजवटीचा शेवट आणि एक वंशावळ, यांनी पंचांगाला न सुटणारी गाठ सोडवली. जुन्या कागदांत हे वारंवार घडतं. तारखेचा निकाल तारखेच्या ओळीत क्वचितच असतो.

इथे मराठी पंचांग आणि कन्नड पंचांग असा काही झगडा नव्हताच, हेही सांगून टाकतो. दोन्हीकडे महिना अमावास्येला संपतो. पाडवा आणि उगादी एकाच दिवशी. आपलं माघ वद्य तेच त्यांचं माघ बहुळ. उत्तरेत महिना पौर्णिमेला संपतो, म्हणून हीच शिवरात्र तिकडे फाल्गुनात धरतात. तिथल्या कागदांशी मेळ घालताना जी ओढाताण होते, ती बेळगावात होत नाही. सीमेच्या दोन्ही बाजूंना शक, संवत्सर, पक्ष, तिथी सगळं एक. भाषावार प्रांतरचनेच्या वादात ही गोष्ट कुणी फारशी उच्चारली नाही, याचं मला वाईट वाटतं.

सन ११८२ ची घोडचूक

पाटलांचा दावा वेगळ्याच पायावर उभा होता. कुळकर्ण्याच्या घरी गावच्या कागदांची एक यादी होती, त्याच्या आज्याने केलेली. तिच्यात पाटलांच्या कागदापुढे ‘सन ११८२’ एवढंच लिहिलेलं. कुठला सन ते नाही. पाटलांनी तो सुहूर धरला, ५९९ मिळवले आणि १७८१ काढलं. म्हणजे गौडांच्या कागदानंतर आठ वर्षांनी. झाला निकाल.

यादीतला सन फसली होता. अकबराच्या काळात उत्तरेत सुरू झालेला फसली सन शहाजहानने १६३६ मध्ये दख्खनेत आणला, तेव्हा हिजरी १०४६ चालू होतं आणि तोच आकडा त्याला दिला. त्या वर्षी सुहूर सन होता १०३७. दोन्ही सूर्याचे, दोन्ही मृगाला सुरू होणारे, दोन्ही सारावसुलीचे, फक्त आकड्यात नऊचा फरक. तेव्हापासून ते नऊचं अंतर ठेवून शेजारी शेजारी चालत आले. फसली ११८२ म्हणजेच सुहूर ११७३. यादी आणि मूळ कागद यांत काडीचा विरोध नव्हता. आज्याने कचेरीच्या सोयीसाठी फसली लिहिला आणि नाव लिहायचं राहून गेलं.

सुहूर-फसलीची ही गफलत फार फसवी असते. हिजरी आणि शक यांत चूक झाली तर शेकड्याने फरक पडतो आणि लगेच डोळ्यांत भरतो. नऊ वर्षांचा फरक डोळ्यांत भरत नाही. तोच पाटील, तोच गौडा, तेच शेत, सगळं जिथल्या तिथे दिसतं.

रबिलावल दोनदा

पाटलांचा कागद सुहूर ११७३ चाच ठरला, तेव्हा गौडांनी हिशोब मांडला. सुहूर ११७३ सुरू झालं १७७२ च्या जूनच्या पहिल्या आठवड्यात. त्या जूनमध्ये हिजरी ११८६ चा रबिलावल चालू होता आणि त्याची आठवी आली ९ जूनच्या सुमारास. म्हणजे पाटलांचा कागद जून १७७२ चा, गौडांचा फेब्रुवारी १७७३ चा. गौडांचा मागून. हिशोबात चूक कुठेच नाही.

पण मृगसाल ३६५ दिवसांचं आणि हिजरी वर्ष ३५४ दिवसांचं. मृगापासून मृगापर्यंत हिजरी वर्ष एकदा पूर्ण फिरतं आणि वर अकरा-एक दिवस उरतात. त्या दिवसांच्या चंद्रतारखा एकाच सुहूर वर्षात दोनदा येतात, एकदा मृग निघाल्यावर लगेच आणि एकदा पुढचा मृग यायच्या तोंडावर. सुहूर ११७३ मध्ये हे भाग्य नेमकं रबिलावलच्या साधारण ४ ते १३ या तारखांना आलं. ८ रबिलावल ९ जून १७७२ च्या सुमारास आहे आणि ३० मे १७७३ च्या सुमारासही आहे. दुसऱ्या वेळी हिजरी ११८७ लागलेलं, पण कागदावर हिजरी वर्षाचा आकडाच नाही. सुहूर वर्ष मात्र दोन्ही वेळा तेच, ११७३.

पहिली तारीख खरी असेल तर गौडांचा कागद नंतरचा. दुसरी खरी असेल तर पाटलांचा. मधल्या फेब्रुवारीत शिवरात्र उभी.

सुटका केली मजकुरातल्या एका शब्दाने: आदितवारी. वार सगळ्यांचा एकच. शक लिहिणाऱ्याचा, हिजरी लिहिणाऱ्याचा, गोव्याच्या पोर्तुगीज पाद्र्याचा आणि बेळगावच्या इंग्रज कलेक्टरचा रविवार एकाच दिवशी येतो. वर्ष कुठून मोजायचं, महिना कुठे तोडायचा, अधिक मास कधी घालायचा, सगळ्यावर मतभेद झाले, पण सात दिवसांची साखळी या मुलुखात कुणी तोडली नाही. ९ जून १७७२ ला मंगळवार होता. ३० मे १७७३ ला रविवार.

इथे घाई करून चालत नाही. हिजरी महिना चंद्र दिसल्यावर लागतो. पावसाळी आभाळात तो एक दिवस उशिरा दिसू शकतो. शिवाय हिजरी दिवस सूर्यास्ताला सुरू होतो, पंचांगाचा सूर्योदयाला, इंग्रजी मध्यरात्रीला. रात्री दिवा लावून लिहिलेल्या कागदाला तीन रीतींनी वेगवेगळा दिवस लागेल. म्हणून अशा रूपांतरात दोन्ही बाजूंना एकेक दिवसाची सवलत ठेवायची. ती ठेवली, तरी १७७२ मध्ये सोमवार, मंगळवार, बुधवार मिळतात आणि १७७३ मध्ये शनिवार, रविवार, सोमवार. आदितवार दुसऱ्याच गटात आहे. कागदात सोमवार लिहिलेला असता, तर प्रकरण तिथेच अडकलं असतं.

तर पाटलांचा कागद ३० मे १७७३ चा. गौडांच्या कागदानंतर सव्वातीन महिन्यांनी, आणि नव्या मृगाच्या जेमतेम आठवडाभर आधी.

देवळातली बैठक

आता हा निकाल गावाच्या गळी उतरवायचा होता. एकट्या कुळकर्ण्याने काढलेली तारीख गौडा मान्य करणार नव्हते, आणि मठाच्या अय्यांनी सांगितलेली पाटील. म्हणून देवळात चौघांना बसवलं: कुळकर्णी फसली आणि सुहूर घेऊन, मठाचे अय्या शक-संवत्सर-तिथी घेऊन, मुलाणी चंद्राचे महिने घेऊन, आणि गावचा एक मुलगा, जो बेळगावला शिकत होता, तो इंग्रजी तारखा घेऊन.

पहिली अर्धी दुपार एकाच गोष्टीवर गेली. वहीत पहिला रकाना कुणाचा? अय्या म्हणाले, शक अगोदर, सगळ्यात जुना तोच. कुळकर्णी म्हणाला, सारा फसलीने भरतो, फसली अगोदर. मुलगा म्हणाला, कचेरीला इंग्रजीच हवी. वाद तारखेचा राहिलाच नाही, मानाचा झाला. शेवटी मुलाणी बोलला, “पाटीलबाबा, गौडरं, वार पयला लिवा की ओ. त्यो कुनाच्या बापाचा न्हाई.”

वार पहिल्या रकान्यात गेला. दुसऱ्यात मृगापासूनचे दिवस, कारण पेरणीचा हिशोब दोन्ही घरांत नक्षत्रावरच चालतो. रोहिणी, मृग, आर्द्रा, पुनर्वसू ही पावसाची नावं मराठी शेतकऱ्याच्या तोंडी आहेत तशीच कन्नड शेतकऱ्याच्याही. तिथून पुढे शक आणि संवत्सर, मास-पक्ष-तिथी, चंद्र, सुहूर, फसली, आणि शेवटी इंग्रजी तारीख. चालू वर्षाची ओळ अशी झाली: मृग, शके १७७६ आनंद संवत्सर, ज्येष्ठ शुद्ध, चंद्र रमजान, सुहूर १२५५, फसली १२६४, इसवी १८५४ जून. कुणाचा सन काढून टाकला नाही. कुणाला दुसऱ्याचा शिकावाही लागला नाही. आपला रकाना ओळखीचा असला की बाकीचे आडवे वाचता येत.

एक नियम त्यांनी घातला, तो मला फार शहाणपणाचा वाटतो: इथून पुढे गावच्या कुठल्याही कागदावर सनाचं नाव लिहिल्याशिवाय आकडा लिहायचा नाही, आणि वार लिहिल्याशिवाय तारीख लिहायची नाही.

वहीत जुने कागद एका ओळीखाली एक आले, तेव्हा एक गोष्ट दिसली जी दोघांनाही दिसली नव्हती. शिवरात्रीच्या कागदात उभ्या पिकाचा हुकूम आहे. फेब्रुवारीत रानात उभा असतो तो शाळू, म्हणजे चालू सालाचं पीक. मेअखेरच्या कागदात ‘मृगापासून’ आहे, म्हणजे येणारं साल. आणि त्याच वाक्यात ‘पाळीप्रमाणे’ हा शब्द. तो सगळ्यांनी वाचला होता, पण सवयीचा मजकूर म्हणून सोडून दिला होता. पाटलांचा कागद जून १७७२ चा धरला तर त्याला अर्थ राहत नाही, कारण मृग होऊन गेलेला. १७८१ चा धरला तर दोन कागदांचा एकमेकांशी संबंधच तुटतो. ३० मे १७७३ धरलं की दोन्ही कागद एकाच व्यवस्थेचे दोन भाग होतात: हे साल गौडांचं, पुढचं साल पाटलांचं, आळीपाळीने. कुणी कुणाचा हुकूम रद्द केलेलाच नव्हता.

मग पाळी मोजायला घेतली, आणि तिथेही एक खड्डा होता. मृग १७७३ पाटलांचा, म्हणजे विषम वर्षी पाटील आणि सम वर्षी गौडा, असं मुलाने इंग्रजी रकान्यावरून सांगितलं. शके १६९५ विषम, फसली ११८३ विषम, सगळं जुळलं. पण सुहूर रकान्यात त्याच मृगाला ११७४ लागतं, ते सम. तोंडी ठराव करून ‘विषम साली पाटील’ म्हटलं असतं, तर सुहूरने मोजणारा आणि फसलीने मोजणारा पुन्हा एकमेकांच्या शेतात नांगर घालते. म्हणून ठरावात सनाचं नाव घालून लिहिलं: फसली विषम पाटील, फसली सम गौडा. त्या हिशोबाने फसली १२६४, म्हणजे १८५४ च्या मृगाची पाळी गौडांची आली. कागद पाटलांचा नंतरचा ठरला आणि शेत त्या वर्षी गौडांना मिळालं. दोघेही घरी जाताना आपणच जिंकलो असं सांगत गेले असतील.

बेंदूर एक करायचा नाही

बैठकीत एकाने सुचवलं, वही झालीच आहे तर सणही एक करून टाकू. बैलांचा सण इकडे दोनदा येतो. कर्नाटकी बेंदूर ज्येष्ठी पौर्णिमेच्या सुमारास, कार हुण्णिमेचा. महाराष्ट्रीय बेंदूर त्यानंतर महिन्याने, आषाढात. दोन घरांचे बैल दोन वेळा सजतात, गावातली कामं दोनदा अडतात. अय्यांनी आणि पाटलांनी, दोघांनीही, हे साफ नाकारलं. वहीत दोन्ही दिवस दोन ओळींत लिहिले आणि विषय मिटवला.

या नकाराला मी या प्रकरणात फार मोल देतो. कधी काय झालं हे सांगण्याची रीत एक करणं निराळं आणि सगळ्यांनी एकाच दिवशी एकच गोष्ट करणं निराळं. पहिलं गावाला हवं होतं. दुसरं कुणी मागितलंच नव्हतं.

घड्याळाचं काय, असं कुणी विचारेल. बेळगाव ७४ अंश ३० कलांच्या आसपास पूर्व रेखांशावर आहे, तेव्हा इथला खरा मध्यान्ह आजच्या भारतीय प्रमाणवेळेनुसार सरासरी साडेबारा वाजून दोन मिनिटांनी होतो. १ जानेवारी १९०६ ला प्रमाणवेळ लागू झाली. त्याआधी रेल्वे मद्रासच्या वेळेवर चालायची आणि मुंबई स्वतःच्या. मुंबईने आपली वेळ पुढेही बरीच वर्षं, १९५५ पर्यंत, सोडली नाही. गावाच्या वहीत यातलं काही नाही. पालखी दिवेलागणीला निघते, आणि दिवेलागण सगळ्यांना दिसते.

दिल्लीत मांडलेली वही

शंभर वर्षांनी हाच प्रश्न देशाने हातात घेतला. नोव्हेंबर १९५२ मध्ये वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेने पंचांग सुधारणा समिती नेमली. अध्यक्ष मेघनाद साहा, सचिव निर्मलचंद्र लाहिरी. सदस्यांत ‘केसरी’चे माजी संपादक ज. स. करंदीकर आणि नागपूरचे के. ल. दप्तरी हे आपले दोघे. देशात तीसेक पंचांगं चालू होती. समितीने ती जमवली, तपासली आणि १९५५ मध्ये अहवाल दिला. २२ मार्च १९५७ ला राष्ट्रीय सौर पंचांग लागू झालं, १ चैत्र १८७९. बेळगाव म्हैसूर राज्यात गेलं त्याला तेव्हा पाच महिनेही झाले नव्हते.

समितीचं शास्त्र भक्कम होतं, हे मी आदराने म्हणतो. वर्ष वसंत संपाताला, म्हणजे मार्चमध्ये दिवस-रात्र समान होतात त्या वेळेला, बांधलं, म्हणून ते ऋतूंपासून सरकणार नाही. चैत्र तीस दिवसांचा, लीप वर्षी एकतीस, वैशाख ते भाद्रपद एकतीस, बाकीचे तीस, कुणालाही पाठ होईल असं. पण महिन्यांची नावं चांद्र ठेवली आणि महिने सूर्याचे केले. आमच्या गावात चैत्र म्हणजे पाडव्यापासूनचा. राष्ट्रीय चैत्र २२ मार्चला लागतो, लीप वर्षी २१ ला, आणि पाडवा कधी त्याआधी येतो, कधी तीन-तीन आठवड्यांनी. एकाच नावाचे दोन महिने एका भिंतीवर राहू शकत नाहीत. लोकांनी आपला ठेवला. सरकारी राजपत्रावर राष्ट्रीय सौर तारीख आजही छापली जाते, आकाशवाणीवर ती आजही ऐकू येते. गावातल्या लग्नपत्रिकेवर मात्र तिथी आणि इंग्रजी तारीख असते, आणि दोन्हींमध्ये वार असतो.

समितीने सणांसाठी चांद्र-सौर पंचांग निराळं ठेवलं होतं, म्हणजे बेंदूर एक न करण्याचं शहाणपण तिलाही होतं. फरक पडला तो पहिल्या रकान्यावर. दिल्लीने तिथे नवी तारीख लिहिली, जी आधी कुणाचीच ओळखीची नव्हती.

ज्यांच्या घरात असे कागद आहेत त्यांच्यासाठी काही कामाच्या गोष्टी. आकडा दिसला तर आधी सन कुठला ते शोधा. अरबी शब्दांत असेल तर सुहूर, नुसताच ११५० ते १३०० च्या घरात असेल तर सुहूर, फसली आणि हिजरी तिन्ही करून बघा. १७७२ सालीच हिजरी आणि सुहूर यांत तेरा वर्षांचं अंतर पडलेलं होतं. संवत्सर असेल तर साठ वर्षं मागे आणि साठ पुढे जाऊन राजवट जुळते का ते पाहा. शिवकाळातल्या इंग्रजी तारखा असतील तर दहा दिवसांचा घोळ लक्षात ठेवा: राज्याभिषेकाची ६ जून १६७४ ही इंग्रजांची जुनी (ज्युलियन) गणना आहे. पोर्तुगीजांनी नवी (ग्रेगोरियन) गणना सोळाव्या शतकातच घेतलेली असल्याने घाटाखाली गोव्यात त्याच दिवशी १६ जून होता. इंग्रजांनी ती १७५२ मध्ये घेतली. आणि चंद्रतारीख मृगाच्या आसपासची निघाली, तर ती त्या वर्षी दोनदा येते का हे पाहिल्याशिवाय कागद खाली ठेवू नका.

वहीने एक वाद सोडवला नाही. जत्रेत पालखीच्या उजव्या दांडीला खांदा कुणाचा, पाटलांचा की गौडांचा, याबद्दल दोन्ही कागद गप्प आहेत. चौघांनी पुष्कळ शोधलं. तारीख लावायला काही लिहिलेलंच नव्हतं, म्हणून तो मान पुढेही दरवर्षी भांडूनच ठरत राहिला.